पोलिसांपासून संरक्षण

झडपा बदलायच्या, एवढंच काम होतं.

खिडकी एक, झडपा कुजलेल्या, सुतार ओळखीचा आणि रजा दोन दिवसांची. प्रियदर्शनीने सांगलीहून निघताना कॉलेजच्या रजेच्या अर्जात 'घरगुती किरकोळ दुरुस्तीकरिता' असं कारण लिहिलं होतं. पुढे हाच अर्ज उच्च न्यायालयातल्या कागदांना जोडला गेला आणि सरकारी वकिलांनी 'किरकोळ' या शब्दाखाली लाल रेघ मारली. वीस वर्षं ग्रंथपाल म्हणून काम केलेल्या बाईला आपला शब्द चुकला, याचं दुःख खटल्यापेक्षा जास्त झालं.

घर पारखिंडीत, वाईच्या अलीकडे. खिडकी पूर्वेच्या खोलीची. प्रियदर्शनीचे वडील नाथाजी, ज्यांना घरीदारी सगळे तात्या म्हणत, पोस्टमास्तर म्हणून निवृत्त झाल्यापासून ती रोज सकाळी सहाला उघडत आणि दिवेलागणीला लावत. चैत्रात तात्या गेले. तेव्हापासून ते काम शालूबाई करत. दिवसभरात त्या जीव लावून करत असलेलं ते एकच काम. स्वयंपाक, जेवण, गोळ्या हे सगळं लेकीला फोनवर सांगण्यापुरतं व्हायचं. त्यामुळे "झडप कडीसकट हातात आली बघ," असं आईने सांगितलं, तेव्हा प्रियदर्शनी दुसऱ्या दिवशीच्या पहिल्या साताऱ्याच्या एसटीत बसली.

कोंडीबा सुताराने जुन्या झडपा उतरवून अंगणात मांडल्या. त्या घडीच्या होत्या. प्रत्येक बाजूची झडप मधोमध दुमडायची आणि भिंतीबाहेर फक्त नऊ इंच उभी राहायची. कोंडीबाने त्यांच्याकडे वैद्यासारखं पाहिलं.

"ताई, ही जुनी तऱ्हा झाली. घडीला बिजागऱ्या जास्त, आन् फुगली की लागंना का उघडंना. मी अखंड फळी देतो. तात्यांच्या नावाला शोभंल आशी."

गेल्या आठ महिन्यांत 'तात्यांच्या नावाला' म्हणून कुणी काही देऊ केलं, तर प्रियदर्शनीला नाही म्हणता येत नव्हतं. या कमजोरीपायी तिने देवळाची एक घंटा, शाळेचं एक कपाट आणि कीर्तनकारांची एक शाल मान्य केली होती. झडपाही मान्य केल्या. रविवारी त्या बसल्या. सागवानाच्या, तेलपाणी केलेल्या, अखंड. उघडल्या की भिंतीबाहेर नऊऐवजी अठरा इंच जायच्या.

त्या नऊ इंचांच्या फरकात शेजारच्या उदयसिंहाचं कपाळ होतं.

उदयसिंहाने घराच्या माडीवर स्पर्धा परीक्षांच्या मुलांसाठी अभ्यासिका काढली होती आणि माडीवर जायला बाहेरून नवा जिना बांधला होता, तो नेमका या खिडकीला लागून. सोमवारी सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी तो अभ्यासिकेचं कुलूप काढायला निघाला. सहा वाजून दहा मिनिटांनीच शालूबाईंनी नवी झडप पूर्ण उघडली. आवाज मोठा झाला. सागवान चांगलं होतं.

आता खरं तर इथे एकाने 'लागलं का हो?' म्हणायचं आणि दुसऱ्याने 'चालायचंच' म्हणायचं, की गोष्ट संपली असती. पण टेंगूळ घेऊन उदयसिंह थेट पोलीस ठाण्यात गेला. त्याने दिलेल्या तक्रारअर्जात असं वाक्य होतं: 'सदर खिडकी माझ्या अंगावर हेतुपुरस्सर उघडण्यात आली.' प्रियदर्शनीला ते वाक्य पुढे कित्येक दिवस पाठ होतं. रचना म्हणून त्यात दोष काढता येत नव्हता.

दुपारी बिरदेव हवालदार मोटरसायकलवरून आला. जतकडचा, उंच, मिशा पांढऱ्या व्हायला लागलेल्या.

"ताई, साहेबांनी ठाण्यात बोलावलंय."

"कशासाठी?"

"आसंच."

"काही लेखी आहे?"

"लेखी कशाला, मी आलोय की."

या 'आसंच'साठी प्रियदर्शनी पुढल्या पाच आठवड्यांत सहा वेळा ठाण्यात जाऊन बसली. दर वेळी सांगलीहून साडेतीन तासांचा प्रवास, अकराला हजेरी, चारपर्यंत बाकडं. फौजदार वाईट माणूस नव्हता. त्याला फक्त गोष्टी मिटवायची घाई होती.

"मॅडम, एक खिडकी. चार घमेली मालाचं काम. भिंत घाला, विषय संपला."

"साहेब, हा दिवाणी वाद आहे. त्याला कोर्ट आहे."

"दिवाणी म्हणजे दहा वर्षं. मी तुमची दहा वर्षं वाचवतोय, आणि तुम्ही माझ्यावरच रागावताय."

मग ती बाकड्यावर जाऊन पुस्तक वाचत बसे. तिसऱ्या खेपेपर्यंत ठाणे अंमलदारांना त्या कादंबरीत रस निर्माण झाला होता. स्टेशन डायरीत नोंद करता करता ते हळूच विचारत, "त्या बाईचं पुढं काय झालं? नवरा परत आला का?" नोंद मात्र ते अशी करत: 'सदर महिला पुस्तक वाचत बसून राहिली व सहकार्य केले नाही.' 'सदर महिला' हे वाचल्यावर प्रियदर्शनीचा चेहरा असा झाला, की अंमलदारांनी आपणहून चहा मागवला.

गावात सल्ल्यांना तोटा नव्हता. समोरच्या घरातले आप्पासो तालुका कचेरीतून कारकून म्हणून निवृत्त झालेले. त्यांचे स्वतःचे तीन दावे चालू असल्याने गावात त्यांचा मान वकिलापेक्षा मोठा. रोज संध्याकाळी ते पायरीवर येऊन बसत.

"तुझा मुद्दा उजेडाच्या वहिवाटीचा हाय," ते म्हणत. "वीस वर्षं एका खिडकीतनं उजेड आला की तो उजेड तुझा. त्याला कुनी हात लावू शकत न्हाई."

"आप्पासो, उजेडावर वाद नाहीच आहे. झडपेवर आहे."

"झडप उघडली तरच उजेड येनार ना? मग झडपेची पन वहिवाट. माझ्या दुसऱ्या दाव्यात नेमकं हेच चाललंय."

"तुमच्या दाव्यात खिडकी आहे?"

"म्हैस हाय. पन तत्त्व तेच."

तिने हे सगळं ऐकून घेतलं. वडील गेल्यानंतरच्या महिन्यांत माणूस पुष्कळ ऐकून घ्यायला शिकतो.

जे ऐकून घेता आलं नाही, ते सातव्या बोलावण्याचं झालं. ती सांगलीत असताना ठाण्याने शालूबाईंना बोलावलं. वय पंच्याहत्तर. पोस्टातल्या माणसाच्या घरी आयुष्यभर दाराशी खाकी यायची ती टपाल घेऊन. दुसरी खाकी दारात आलेली नव्हती. शालूबाई लग्नाकार्याला नेसतात ते इरकल नेसल्या आणि आप्पासोंना बरोबर घेऊन निघाल्या. फौजदाराने त्यांना खुर्ची दिली, पाणी दिलं आणि टंकलेला कागद पुढे केला: 'मी स्वखुशीने सदर खिडकी कायमची बंद करीत आहे.'

शालूबाईंनी तो दोनदा वाचला. "स्वखुशीनं म्हंजे कुनाच्या खुशीनं?"

"तुमच्याच की, आजी."

"मग मला इचारलं कुनी?"

"आता विचारतोय ना. करा सही."

"चष्मा घरी ऱ्हायला."

"आजी, नाकावर आहे."

"ह्यो लांबचा हाय."

आप्पासोंनी हा प्रसंग गावभर सांगितला, आणि प्रत्येक वेळी त्यात त्यांचं स्वतःचं एक वाक्य वाढत गेलं. पण सांगण्यासारखी गोष्ट घरी घडली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी शालूबाईंनी खिडकी उघडली नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. मग फोनवर प्रियदर्शनीने विचारलं.

"घालून टाकू भिंत," त्या म्हणाल्या. "पुन्यांदा न्हाई जायाचं मला तितं. दिवा लावते खोलीत. काय आडतंय."

प्रियदर्शनी त्या दिवशी ग्रंथालयातून मधल्या सुट्टीतच निघाली आणि हळदीच्या पेठेत, एका अडतीच्या वरच्या मजल्यावर असलेल्या सोनिया वकिलांच्या कार्यालयाचा जिना चढली. सोनिया एकेकाळी तिच्याच कॉलेजात शिकायला होत्या. खालून येणाऱ्या हळदीच्या धुळीने तिथल्या सगळ्या फायली पिवळ्या झालेल्या. त्यामुळे प्रत्येक खटला कसा शुभकार्यासारखा दिसायचा.

"मॅडम, खिडकीचं काय व्हायचं ते दिवाणी कोर्ट बघेल," सोनिया म्हणाल्या. "पण लेखी नोटीस नाही, गुन्हा नाही, आणि पंच्याहत्तर वर्षांच्या बाईपुढे कागद सरकवायचा, हे कुठल्याच कलमात बसत नाही. आता हायकोर्ट कोल्हापुरात बसतं. चला."

कोल्हापुरात सुनावणी चार मिनिटं चालली. पहिली तीन मिनिटं न्यायमूर्ती कागद वाचत होते. मग त्यांनी सरकारी वकिलांना विचारलं, "खिडकी उघडी की बंद, हे पोलीस नेमकं कशाच्या आधारे ठरवतात?" सरकारी वकिलांनी फाईल उलटी करून पाहिली. आधार तिच्या मागच्या बाजूलाही नव्हता. आदेश झाला: हा दोन शेजाऱ्यांमधला खासगी दिवाणी वाद आहे, पोलिसांनी त्यात पडू नये, अर्जदार व तिच्या आईला ठाण्यात बोलावू नये, त्यांच्या घरी जाऊ नये, आणि दोघींना पोलिसांपासून संरक्षण देण्यात यावं.

आदेश इंग्रजीत होता. ठाण्यात त्याचं मराठी करायचं काम अंमलदारांकडे गेलं. फौजदार तेव्हा पंधरा दिवसांच्या प्रशिक्षणाला नाशिकला होता. अंमलदारांनी शब्दकोश घेऊन, मनापासून, एक ओळीचं सार काढलं आणि बिरदेवच्या हातात ठेवलं: 'मा. उच्च न्यायालयाच्या आदेशान्वये सदर दोन महिलांना पोलीस संरक्षण देण्यात यावे.'

एवढ्या मोठ्या आदेशातलं एक 'पासून' राहून गेलं.

शुक्रवारी सकाळी साडेसातला बिरदेव पिशवी, पाण्याची बाटली आणि घडीची खुर्ची घेऊन ओसरीत हजर झाला. निकालाच्या आनंदात पंधरा दिवसांची रजा काढून राहिलेली प्रियदर्शनी दारातच उभी राहिली.

"हवालदार, तुम्ही इथे यायचं नाही. कोर्टाचा आदेश आहे."

"व्हय ताई. त्याच आदेशानं आलोय."

"अहो, आम्हाला तुमच्यापासून संरक्षण मिळालंय."

"तेच द्यायला आलोय की."

"पोलिसांपासून, हवालदार! पोलिसांपासून!"

बिरदेवने थोडा विचार केला. "ताई, पोलिसांपासनं राखायचं तर दुसरा कोन राखनार? पोलीसच लागनार की. साहेब आलंच, तर मी आडवंन त्यास्नी." आणि त्याने खुर्ची उलगडली.

भाषेच्या जोरावर वीस वर्षं पोट भरलेल्या बाईला एका शब्दयोगी अव्ययाने असं हरवावं, हे प्रियदर्शनीला फार लागलं. तिने सोनियांना फोन केला. सोनिया इतका वेळ हसत होत्या की शेवटी प्रियदर्शनीने फोन ठेवून दिला.

गावाने या घटनेचा आपल्या परीने अर्थ लावला. दाराशी पोलीस एक तर आरोपीच्या असतो, नाही तर मंत्र्याच्या. शालूबाई आरोपी नव्हत्या. दोन दिवसांत त्यांना एका पतसंस्थेच्या शाखेचं उद्घाटन आणि हळदीकुंकवाचं अध्यक्षपद अशी दोन आमंत्रणं आली. आप्पासोंनी तर आपला म्हशीचा दावा बिरदेवपुढे मांडून पाहिला.

बिरदेव स्वतः फार काटेकोर माणूस होता. जवळच्या वहीत तो नोंदी करी: '०७.४० वा. आजी उठल्या. ०८.१० वा. चहा. हरकतीचे काही नाही.' चौथ्या दिवशी शालूबाई त्याच्यापुढे भाकरी ठेवून म्हणाल्या, "तुज्यापासनं राखायला तूच, आन् राखनाऱ्याला खायला मी. काय रं कायदा तुमचा." पण भाकरीबरोबर त्या स्वतःही जेवल्या, पोटभर, कुणाशी तरी बोलत. बिरदेव आपल्या आईचं, बयाबाईंचं, सांगत होता. मेंढरांमागं जन्म गेला तिचा, आता पक्क्या घरात ठेवलीय तर खोलीत जीव गुदमरतो म्हणते, उन्हाळा-पावसाळा दारातच बाज टाकते.

"मग ही खिडकी का बंद केली, आजी?" त्याने विचारलं.

"तुमीच सांगितलं की बंद करा."

बिरदेवने हातातला घास परत ताटात ठेवला. मग उठला, हात धुतला आणि आत जाऊन खिडकी उघडली. स्वतःच्या हाताने. वहीत त्याने लिहिलं: '१३.२० वा. खिडकी उघडली. जबाबदारी माझी.'

मग जिन्यावरची वाहतूकही आपसूक त्याच्याकडे आली. अभ्यासिकेतली निम्मी मुलं पोलीस भरतीची तयारी करणारी. जिना चढताना ओसरीतून हाळी यायची, "मान खाली!" आणि वीस-वीस मुलं एका रांगेत मान खाली घालून वर जायची. कुणाचं कपाळ फुटलं नाही. उलट, धावण्याची वेळ कशी कमी करावी हे विचारायला मुलं सुट्टीत बिरदेवभोवती जमू लागली. उदयसिंहाच्या अभ्यासिकेतला अभ्यास असा शालूबाईंच्या ओसरीत होऊ लागला.

उदयसिंहही स्वस्थ बसला नव्हता. पोलिसांचा मार्ग बंद झाला म्हणून तो तालुक्याच्या दिवाणी कोर्टात गेला आणि 'जैसे थे'चा आदेश घेऊन आला: पुढल्या तारखेपर्यंत दोघांपैकी कुणीही खिडकीत काहीही बदल करायचा नाही. आदेश लावायला बेलीफ आला, तेव्हा वाऱ्याने उजवी झडप मिटली होती आणि डावी उघडी होती. त्याने पंचनाम्यात तसंच लिहिलं.

"आता तारखेपर्यंत हे असंच," आप्पासोंनी निवाडा दिला. "डावी उघडी, उजवी बंद. उजवी उघडली की अवमान."

"आणि दिवेलागणीला डावी लावायची नाही?"

"लावली तर तोही अवमान."

प्रियदर्शनीने आप्पासोंकडे बघितलं. त्यांना खरोखर वाईट वाटत होतं, हे दिसत होतं. म्हणून तिने वाद घातला नाही. चार रात्री डावी झडप उघडी राहिली आणि खोलीत डास झाले.

पाचव्या दिवशी उदयसिंह तावातावाने जिना उतरून ओसरीपुढे आला. "आवं हवालदार, तक्रार केली मी, आन् बंदोबस्त ह्यांच्या दारात? ह्यो कुठला न्याय?"

"तुमी बी हायकोर्टात जावा," बिरदेव शांतपणे म्हणाला. "तुमी बी आमच्यापासनं संरक्षण मागा. एक मानूस तुमच्याकडं पन धाडू."

आतून शालूबाईंचा आवाज आला. "उदय, आत ये. रस्त्यावरनं काय वरडतोस."

तात्यांच्या तेराव्यानंतर उदयसिंह पहिल्यांदा त्या घरात आला. बसला. पाणी प्यायला. तांब्या खाली ठेवेपर्यंत त्याचा ताव उतरला आणि त्याच्या जागी काहीतरी वेगळं आलं.

"काकी, येकच सांगा. तात्यांच्या माघारी घडीची झडप काढून आखंड केली, ती जिना आडवायला ना? मला काय कळंना व्हय?"

"आडवायला?" प्रियदर्शनी म्हणाली. "आम्हाला तुमच्या जिन्याचं माप तरी माहीत होतं का?"

"तात्यांनी सांगितलं न्हाई?" उदयसिंहने तिच्याकडे नवलाने पाहिलं. "आवं प्रियाताई, माप त्यांनीच काढलं. ते जायच्या आधी पंधरा दिवस. टेपचं येक टोक त्यांच्या हातात, येक माझ्या. नऊ इंच झडपेला, त्याच्यावर चार बोटं मोकळी, आन् मग माझी पायरी. मी म्हटलं, तात्या, लय जागा जातीया, जिना आरुंद हुईल. तर म्हनले, मी उघडतो तवा बघून उघडतो रं. उद्या शालू उघडंल. तिला अंदाज येनार न्हाई. कुनाला लागलं, तर तिच्या जिवाला लागंल."

बाहेर बिरदेवने वही मिटल्याचा आवाज आला.

प्रियदर्शनीने तात्यांचे शेवटचे पंधरा दिवस शंभरदा मनात मांडले होते. कोणत्या दिवशी कोणती गोळी, कोणत्या दिवशी कोणता डॉक्टर. त्यात टेप धरून उन्हात उभे असलेले तात्या नव्हते.

"हे तुम्ही आधी का नाही सांगितलंत?" तिने शेवटी विचारलं.

"कुटं सांगू? ठान्यात? तितं कोन मापं सांगतं, तितं कलमं सांगत्यात." मग तो खालच्या आवाजात म्हणाला, "आन् ताई, झडप बसवायच्या आधी तुमी बी येकदा हाक मारायची हुती."

"मारायला हवी होती," ती म्हणाली.

झालं. झडपा मधोमध कापायच्या, बिजागऱ्या घालून पुन्हा घडीच्या करायच्या. कोंडीबाचं अर्ध्या दिवसाचं काम. फक्त 'जैसे थे'प्रमाणे खिडकीला हात लावता येत नव्हता, आणि दावा मागे घ्यायचा तर तारीख सात आठवड्यांनी होती.

याच दिवशी फौजदार नाशिकहून परतला. मूळ आदेश, अंमलदारांचं सार आणि ठाण्यातली बिरदेवची रिकामी जागा, हे तिन्ही एकापाठोपाठ पाहून त्याला घाम फुटला. पोलिसांनी ज्या घरी जायचंच नाही, तिथे त्याचा हवालदार बारा दिवस भाकरी खात होता. माफी मागायला तो स्वतः जाऊ शकत नव्हता, कारण घरी जायला बंदी. प्रियदर्शनीला बोलावू शकत नव्हता, कारण बोलवायला बंदी. शेवटी तो घरासमोरच्या चहाच्या टपरीवर साध्या कपड्यांत येऊन बसला आणि आप्पासोंना पाठवलं.

"साहेबांनी बोलावलं न्हाई म्हनावं," आप्पासो निरोप सांगू लागले. "ते फक्त चहा पितायत. तुमी त्या बाजूला आपनहून आलात, तर त्यांची हरकत न्हाई."

प्रियदर्शनीने खिडकीच्या उघड्या डाव्या झडपेतून टपरीकडे पाहिलं. सहा वेळा बाकड्यावर बसलेली बाई क्षणभर तिच्यात ताठ झाली.

"त्यांना म्हणावं, लेखी कळवा."

फौजदाराने टपरीवरच बसून लिहिलं. 'आदेशातील "पासून" हा शब्द नजरचुकीने राहून गेला. सबब दिलगीर आहे. हवालदार बिरदेव यांना सदर घरापासून दूर राहण्याच्या सूचना दिल्या आहेत.' त्याने 'पासून' दोन वेळा वापरला होता, आणि दुसऱ्या वेळी त्याखाली रेघही मारली होती.

बिरदेवने खुर्ची घडी केली. शालूबाईंनी त्याला शेंगदाण्याच्या चटणीची पुरचुंडी बांधून दिली, ती त्याने फाटकाबाहेर उभं राहून घेतली. आता आत यायची मुभा नव्हती. मग रस्त्यावर उभा राहूनच त्याने हाळी दिली, "आजी, मूळची झडप कशी हुती?"

"घडीची!"

"मग उदयराव, 'जैसे थे' म्हंजे काय वो? जशी हुती तशी. हुती घडीची. तुमी घडीची केली, तर आदेश पाळलाच की!"

उदयसिंहने आप्पासोंकडे पाहिलं. आप्पासोंनी डोळे मिटून तिन्ही दाव्यांचा अनुभव पणाला लावला. "बसतंय," ते म्हणाले. "ज्याला हरकत घ्यायची तो उदयच. आन् त्याची न्हाई म्हटल्यावर..."

कोंडीबाला बोलावणं गेलं. तो अखंड फळीकडे पाहून हळहळला, पण करवत आणली. दुपारपर्यंत झडपा दुमडायला लागल्या. उदयसिंहने टेप आणला आणि प्रियदर्शनीला म्हणाला, "ताई, तुमीच वर या. तुमच्या हातानं मोजा, म्हंजे पुन्यांदा कुनाचं काय न्हाई."

ती पहिल्यांदाच त्या जिन्यावर चढली. चौथ्या पायरीवर आल्यावर आपल्याच घराची भिंत अगदी जवळ आली. या बाजूने तिने ती कधी पाहिली नव्हती. चौकटीच्या शेजारी, गिलाव्यावर, पेन्सिलीची एक बारीक रेघ होती. रेघेपाशी लिहिलं होतं: '९'. त्याच्या खाली: '+ ४ बोटं'. नवाला खालून तात्या जरासं वळण देत, मनीऑर्डरच्या पावतीवर देत तसंच. मधे एक अख्खा पावसाळा या भिंतीवरून गेला होता, पण वळचणीच्या आड असल्याने पेन्सिल टिकली होती.

"पुढल्या आठवड्यात रंगाऱ्याला बोलावलंय जिन्याला," उदयसिंह खालून म्हणाला. मग तिच्या पाठीकडे बघून थांबला. "तेवढी भित्त सोडाया सांगतो."

ती टेप हातात तसाच धरून पायरीवर बसली. वर अभ्यासिकेत कुणीतरी कलमं पाठ करत होतं. दोन मुलं खाली यायला निघाली होती, ती तिला पाहून वरच्याच पायरीवर थांबली.

तेवढ्यात कडी वाजली. शालूबाईंनी आतून झडप ढकलली. ती दुमडली, बाहेर आली आणि प्रियदर्शनीच्या कानापासून चार बोटांवर थांबली. शालूबाईंनी डोकावून पाहिलं आणि त्या दचकल्या.

"आगं, तू हितं? लागलं का?"

झडप कुठेच लागली नव्हती.

"थोडंसं," प्रियदर्शनी म्हणाली.

शालूबाईंनी झडप ओढून घेतली नाही. गजांमधून हात बाहेर काढला आणि तिच्या डोक्यावर ठेवला. वरची दोन मुलं मान खाली घालून उभी राहिली.